फर्म बायकोच्या नावावर, उमेदवारी नवऱ्याची

मालवण तालुक्यातल्या एका वाचक भगिनीचं पत्र आलं आहे. थोडं आवरून देते.

"माझे यजमान पन्नाशीला आलेत. सासऱ्यांची चिऱ्याची खाण होती. ह्यांनी त्यावर डंपर घेतले, मग रोलर घेतला, बांधकाम खात्यात नोंदणी केली आणि रस्ते, साकव, शाळेच्या खोल्या अशी कामं घ्यायला लागले. फर्म ह्यांच्या एकट्याच्या नावावर आहे. मी बी.कॉम. आहे. नोकरी केली नाही, पण मजुरांचं मस्टर, बँक, जीएसटी, अडकलेल्या बिलांचा पाठपुरावा सगळं लग्नापासून मीच बघते. आता एका पक्षाने ह्यांना 'पुढच्या विधानसभेच्या तयारीला लागा' असं सांगितलंय. सरकारी ठेका असताना उभं राहता येत नाही असं वकील म्हणाले, म्हणून फर्म माझ्या नावावर करायचं घाटतंय. मी काही विचारायला गेले की म्हणतात, 'तुका कायच करूचा नाय, फक्त सही मारूची.' भीती वाटते म्हटलं तर मी त्यांच्या प्रगतीच्या आड येते असं होतं. राहतं घर बँकेत तारण आहे. मुलगा सिव्हिल डिप्लोमाच्या शेवटच्या वर्षाला आहे, त्यालाही ह्यात ओढायचं म्हणतायत. मी सही करू का? – एक वहिनी"

वहिनी,

सही करू नका. आज तर नाहीच, आणि ज्या तऱ्हेने ती मागितली जाते आहे त्या तऱ्हेने कधीच नाही.

पण तुमच्या यजमानांनी आमदार व्हायची इच्छा धरली ह्यात मला काही वावगं दिसत नाही. कोकणाने बॅरिस्टर नाथ पै आणि मधु दंडवते ह्यांच्यासारखे अभ्यासू खासदार पाहिले, त्यामुळे धंदेवाला माणूस निवडणुकीला उभा राहिला की आपल्याकडे पटकन नाक मुरडलं जातं. ते मला पटत नाही. गणपतीच्या आधी पन्नास मजुरांचे पैसे चुकते करायची जबाबदारी ज्याने वर्षानुवर्षं निभावली आहे, पावसाआधी साकव पुरा झाला नाही तर पलीकडच्या वाडीतली पोरं शाळेला मुकतात हे ज्याने डोळ्यांनी पाहिलं आहे, त्याला विधानसभेत सांगण्यासारखं पुष्कळ असतं. माझं म्हणणं इतकंच आहे की धंदा आणि आमदारकी खरोखर वेगळी करायची, नुसती कागदावर नाही. आणि ते तिकीट मिळण्याच्या आधी.

आधी कायदा नीट समजून घ्या, कारण वकिलांनी सांगितलं ते अर्धंच तुमच्यापर्यंत पोचलेलं दिसतं. लोकप्रतिनिधित्व कायदा, १९५१ मधलं कलम ९ अ असं सांगतं की एखाद्याने आपल्या धंद्याच्या ओघात सरकारला माल पुरवण्याचा किंवा सरकारी काम करण्याचा ठेका घेतला असेल आणि तो चालू असेल, तर तोपर्यंत तो अपात्र असतो. विधानसभेसाठी इथे सरकार म्हणजे राज्य सरकार. बघितला जाणारा दिवस अर्जांच्या छाननीचा. त्याच कलमात पुढे स्पष्टीकरण आहे: ठेकेदाराने आपलं काम पूर्ण केलं असेल आणि सरकारने फक्त पैसे द्यायचे राहिले असतील, तर तेवढ्यामुळे ठेका चालू आहे असं धरायचं नाही. म्हणजे ज्या थकलेल्या बिलांसाठी तुम्ही खेटे घालता, ती बिलं त्यांच्या उमेदवारीच्या आड येत नाहीत. आड येतं ते अर्धवट राहिलेलं काम. ते एक तर पुरं करून पूर्णत्वाचा दाखला घ्यावा लागतो, नाहीतर खात्याकडून लेखी मोकळीक. 'मी ठेका सोडला' असं पत्र आपण आवक-जावकला टाकून आलो म्हणजे ठेका संपला असं होत नाही. दोषदायित्वाचा काळ, म्हणजे काम संपल्यावरही त्यातले दोष ठेकेदारानेच दुरुस्त करून द्यायची मुदत, चालू असलेल्या रस्त्यांचं काय, ह्यावर विरोधी उमेदवाराचा वकील बोट ठेवणार हेही धरून चाला आणि त्या प्रत्येक कामाचा कागद आपल्या वकिलाला आधीच दाखवा.

आता तुम्हाला स्वतःला लागू होणारा भाग. गावच्या ग्रामपंचायत सदस्याला हा नियम कितीतरी कडक आहे. त्याने स्वतः किंवा भागीदारामार्फत, सरळ किंवा आडून, पंचायतीच्या कामात हिस्सा ठेवला तर त्याचं सदस्यपद जाऊ शकतं. जिल्हा परिषद सदस्यालाही जवळपास तसंच बंधन आहे. आमदाराच्या बाबतीत मात्र कायदा फक्त 'त्याने केलेला ठेका' एवढंच बघतो. बायकोची फर्म वेगळी असेल, तिने आपल्या नावावर ठेका घेतला असेल, तर नवरा त्यामुळे अपात्र ठरत नाही. पाणंदीला खडी टाकणाऱ्या पंचायत सदस्यावर एवढी नजर आणि कोट्यवधींच्या कामांची शिफारस करणाऱ्या आमदाराला ही मोकळीक, हे मला मुळीच मान्य नाही, पण आज कायदा असा आहे. तुमच्या घरात जो बेत शिजतो आहे तो ह्याच फटीतून.

ही फट झाकलेली नाही, सगळ्यांना दिसते. उमेदवारी अर्जासोबत नमुना २६ चं शपथपत्र द्यावं लागतं. त्यात उमेदवाराची, जोडीदाराची आणि अवलंबितांची मालमत्ता, कर्जं, प्राप्तिकर विवरणातलं उत्पन्न सगळं येतं. २०१८ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर जोडीदाराच्या उत्पन्नाचा स्रोत आणि सरकारशी असलेले ठेकेही त्यात लिहावे लागतात. २०१३ च्या निकालाने रकाना कोरा ठेवायची सोयही गेली. अर्ज भरल्या दिवशी ते शपथपत्र सगळ्यांना बघायला खुलं होतं, आणि संध्याकाळपर्यंत त्याचे फोटो मालवण-कुडाळच्या प्रत्येक व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर असतात. फर्म तुमच्या नावावर, उलाढाल अमुक कोटी, ठेके राज्य सरकारचे. मग गावात प्रश्न त्यांना नाही विचारणार कोणी, तुम्हाला विचारतील. बाजारात, देवळात, लग्नाच्या पंगतीत.

ह्याहून जास्त काळजी मला वेगळ्याच गोष्टीची वाटते. एकट्याच्या मालकीच्या फर्मचा मालक म्हणजे तिची सगळी देणी एकट्याच्या डोक्यावर. बँकेची कॅश क्रेडिट, डिझेलवाल्याची उधारी, गौण खनिजाच्या रॉयल्टीतली तफावत, मजुरांचा भविष्य निर्वाह निधी, खाणीत कोणाला इजा झाली तर भरपाई, जीएसटीची नोटीस, सगळं तुमच्या नावावर. २६ ऑगस्ट २०२४ ला राजकोट किल्ल्यावरचा शिवरायांचा पुतळा कोसळला तो तुमच्याच मालवणात. उभा राहून नऊ महिनेही झाले नव्हते. त्यानंतर गुन्हा नोंदवला गेला तो ठेकेदारावर आणि बांधकाम सल्लागारावर, म्हणजे ज्यांची नावं कागदावर होती त्यांच्यावर. कोणी कोणाच्या सांगण्यावरून काय केलं हा प्रश्न नंतर, कोर्टात येतो. पोलीस आधी कागद वाचतात.

हल्ली तर सही पेनने होतच नाही. ई-निविदा भरायला डिजिटल सही लागते, ती पेनड्राइव्हएवढ्या एका कीमध्ये असते, आणि तिला पासवर्ड असतो. बायकोच्या नावावरच्या कितीतरी फर्मच्या बाबतीत ती की ऑफिसातल्या सुपरवायझरच्या खणात पडलेली असते आणि पासवर्ड त्याने खोक्यावर मार्करने लिहून ठेवलेला असतो. कुठली निविदा भरली, किती टक्के कमी दराने भरली, बयाणा कुठून आला, सोबत कोणाचं हमीपत्र जोडलं, हे त्या बाईला माहीतच नसतं. कायद्याच्या दृष्टीने मात्र तो प्रत्येक कागद तिने वाचून, समजून सही केलेला असतो. 'फक्त सही मारूची' म्हणजे नेमकं हे.

आणि त्यांचा हेतूही ह्याने साधत नाही. नोंदणी आणि कामाचा अनुभव त्यांच्या नावावर आहे. तुमच्या नावाने नवी नोंदणी केली तर वर्ग खालचा मिळतो आणि मोठी कामं तशी मिळत नाहीत. चालू ठेका खात्याच्या संमतीशिवाय दुसऱ्याच्या नावावर जात नाही. त्यांनी मोबदल्याशिवाय भांडवल तुम्हाला दिलं तर त्यावरचं उत्पन्न प्राप्तिकर खातं त्यांच्याच उत्पन्नात मिळवून धरतं. उद्या ते मंत्री झाले, तशी त्यांची इच्छा असणारच, तर केंद्र आणि राज्य दोन्हीकडच्या मंत्र्यांसाठीची आचारसंहिता सांगते की सरकारला माल किंवा सेवा पुरवणाऱ्या धंद्यातून मंत्र्याने अंग पूर्ण काढून घ्यावं. हिस्सा घरातल्या दुसऱ्या सज्ञान व्यक्तीला देता येतो, पण पती किंवा पत्नीला नाही, असं तिच्यात स्पष्ट म्हटलं आहे. आमदाराला ही संहिता लागू नाही हे मान्य. पण ती लिहिणाऱ्यांनीही बायकोच्या नावावरचा धंदा नवऱ्याचाच धरला, एवढं त्यांच्यापुढे ठेवा.

आणखी एक गोष्ट त्यांना सांगण्यासारखी आहे, आणि ती कोकणातलीच आहे. रायगडमधल्या आंबेतचे बॅरिस्टर ए. आर. अंतुले १९८० मध्ये मुख्यमंत्री झाले. सिमेंटचं वाटप आणि त्यांच्या ट्रस्टला मिळालेल्या देणग्या ह्यांचा संबंध उच्च न्यायालयाने जोडल्यावर जानेवारी १९८२ मध्ये त्यांनी राजीनामा दिला. पुढे ते केंद्रात मंत्रीही झाले, पण त्या प्रकरणात वर्षानुवर्षं कोर्टाच्या फेऱ्या चालल्या. त्यातल्याच १९८४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की आमदार हा भारतीय दंड संहितेच्या व्याख्येतला लोकसेवक नाही. ती पळवाट आज नाही. १९८८ च्या भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्याने व्याख्या रुंदावली, १९९८ मध्ये न्यायालयाने खासदार-आमदार तिच्यात येतात असं ठरवलं. आता त्या कायद्यात गैरफायदा स्वतःसाठी घेतला की दुसऱ्या कोणासाठी, ह्याने फरक पडत नाही. दुसरं कोणी म्हणजे तुमची फर्मसुद्धा. आमदाराला दर वर्षी स्थानिक विकासाचा कोट्यवधींचा निधी असतो. कामं तो सुचवतो, मंजुरी जिल्हाधिकारी कार्यालयातून होते. धूपप्रतिबंधक बंधारा त्यांनी सुचवला आणि बांधला तुमच्या फर्मने, असं एकदा जरी झालं तरी काम कितीही चोख असो, त्याची चौकशी लागू शकते. त्या चौकशीत तुम्ही दोघं एकाच बाकावर बसाल.

मग करायचं काय?

मला विचाराल तर सरकारी कामं बंद करावीत. फर्म बंद नाही करायची, सरकारी कामं बंद करायची. चिऱ्याची खाण आहे, यंत्रं आहेत, माणसं आहेत. घरांची, होमस्टेची, काजू कारखान्याच्या शेडची, आंबा पॅकिंगच्या गोदामांची खाजगी बांधकामं किनाऱ्यावर आहेत. त्यात नफा कमी, उलाढाल लहान. पण खाजगी गिऱ्हाईकाकडून पैसे बहुधा कामाबरोबर येत जातात, आणि राज्यभरचे ठेकेदार सरकारी बिलांसाठी कसे रस्त्यावर उतरले ते तुम्ही गेल्या दोन-तीन वर्षांत पाहिलंच आहे. वेळही तुमच्या बाजूने आहे. मागची विधानसभा नोव्हेंबर २०२४ ला झाली, म्हणजे पुढची २०२९ च्या अखेरीस. आपल्याकडे कामाचा हंगाम दिवाळीनंतर सुरू होऊन मे अखेरीस संपतो. त्यामुळे २०२९ च्या मेपर्यंत शेवटचं काम, शेवटची मोजमाप पुस्तिका, शेवटचा दाखला असं मागून मोजत आलात तर नवीन सरकारी निविदा भरणं कधी थांबवायचं ते तुमच्या हिशेबाच्या वहीतूनच निघेल. ते गणित त्यांच्यापेक्षा तुम्हाला चांगलं जमेल.

फर्म तुमच्याकडेच यायची असेल, आणि तुमचीही मनापासून तशी इच्छा असेल, तर ती खरी तुमची होऊ द्या. तुम्ही हे काम लग्नापासून करता आहात, तुम्हाला ते चालवता येईल ह्याबद्दल मला शंका नाही. पण मग चार्टर्ड अकाउंटंटकडून मूल्यांकन, रीतसर विक्रीपत्र, बँकेला कळवून नवी मंजुरी, आणि तारणातून राहतं घर मोकळं. डिजिटल सहीची की तुमच्या कपाटात, पासवर्ड तुमच्या डोक्यात. इंजिनीअर कोण ठेवायचा, कोणाला कामावरून काढायचं हे तुम्ही ठरवणार. त्यांच्या कार्यकर्त्याला सबलेट काम द्यायचं नाही हेही तुम्हीच ठरवणार. आणि त्यांच्या मतदारसंघात, त्यांच्या निधीतलं, राज्य सरकारचं एकही काम ती फर्म घेणार नाही. ही अट त्यांना जड वाटली, तर फर्म तुमच्या नावावर करण्यामागे खरं काय आहे ते तुम्हाला तिथेच कळेल.

पैशाबद्दल एक गोष्ट आत्ताच सुरू करा. निवडणुकीच्या खर्चाची मर्यादा आपल्या राज्यात विधानसभेला ४० लाख रुपये आहे. त्यासाठी स्वतंत्र बँक खातं उघडावं लागतं आणि निकालानंतर ३० दिवसांत हिशेब द्यावा लागतो. तो न दिल्यास निवडणूक आयोग ३ वर्षांसाठी अपात्र ठरवू शकतो. हा खर्च मोजता येतो. घर बुडवतो तो त्याआधीचा. चाकरमान्यांना गणपतीला आणायच्या बसगाड्या, अंडरआर्म क्रिकेटची बक्षिसं, भजनी मंडळाला पखवाज, जत्रेतल्या दशावताराला मदत, प्रत्येक लग्नात आहेर. सकाळी साडेसहाला खळ्यात प्लास्टिकच्या खुर्च्या भरलेल्या असतात. एकाचा सातबारा अडकलाय, एकाच्या आईला मुंबईला केईएममध्ये न्यायचंय, एकाच्या होडीचा डिझेल परतावा आला नाही. प्रत्येकाचं दुःख खरं असतं आणि खिशात हात घातल्याशिवाय राहवत नाही. पण तो हात फर्मच्या खात्यात जायला लागला की शनिवारचा मजुरांचा पगार चुकतो. मी अशी घरं पाहिली आहेत जिथे माणूस निवडून आला आणि त्याच वर्षी रोलर विकावा लागला. राजकारणासाठी महिन्याला किती काढायचे हा आकडा ठरवा, वेगळ्या खात्यात टाका, संपले की संपले. मजुरांच्या पैशाला आणि घरच्या हप्त्याला हात लावायचा नाही हे त्यांच्याकडून वदवून घ्या.

आता 'प्रगतीच्या आड येते' ह्याबद्दल. वहिनी, हे वाक्य जिव्हारी लागतं ते मला समजतं. त्याला उत्तर म्हणून रडू नका, भांडूही नका. एखाद्या रविवारी दुपारी, कार्यकर्ते नसताना, वह्या घेऊन बसा. चालू कामांची यादी, प्रत्येकाची मुदत, दोषदायित्व कधी संपतं, बँकेचं देणं किती, अडकलेली बिलं किती, हे एका कागदावर लिहून त्यांच्यापुढे ठेवा. म्हणा, 'तुमका आमदार होवचा आसा ना? मगे ह्यातला काय काय आधी संपवूचा ता आज ठरवया.' आड येणारी बाई असं बोलत नाही. मला खात्री आहे, पक्षात त्यांना कोणी हा कागद करून देणार नाही.

तरीही ते अडूनच बसले, तर तुमचा स्वतःचा वकील गाठा. त्यांचा नको, पक्षाचा तर नकोच. जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय असतं आणि महिलांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत सल्ला मिळतो. विचारायला गेलात म्हणून घराची अब्रू जात नाही.

एक गोष्ट जाता जाता. २०२३ च्या १०६ व्या घटनादुरुस्तीने विधानसभेच्या एक तृतीयांश जागा महिलांसाठी राखीव होणार आहेत, जनगणना आणि मतदारसंघांच्या फेररचनेनंतर. तुमचा मतदारसंघ त्यात आला तर घरात उमेदवारी अर्ज कोणापुढे येईल ते तुम्ही ओळखलं असेलच. सरपंचबाई सही करतात आणि कारभार त्यांचे यजमान बघतात, हे आपण गावोगाव पाहतोच आहोत. न वाचता सही करायची सवय आज फर्मच्या कागदावर लागली, तर उद्या त्या अर्जावर ती मोडणं कठीण जाईल. आणि तुम्ही स्वतः उभं राहायचं मनावर घेतलंत, तर मला पुन्हा लिहा, ते पत्र मी फार आनंदाने वाचेन.

राहिला मुलगा. त्याला आत्ता फर्ममध्ये भागीदार करू नका. भागीदार झाला की फर्मच्या देण्याला तोही तितकाच बांधला जातो, आणि त्याची तर अजून परीक्षाही व्हायची आहे. डिप्लोमा पुरा होऊ दे. मग दोन वर्षं दुसऱ्या कुणाच्या साइटवर, रत्नागिरीला, कोल्हापुरात, जिथे त्याच्या वडिलांचं नाव कोणाला माहीत नाही अशा ठिकाणी नोकरी करू दे. तिथे तो लेव्हल लावायला शिकेल, बिल कसं करतात ते शिकेल, साहेबाची बोलणी खाईल. त्यानंतर त्याला परत यावंसं वाटलं तर यायचं की नाही ते त्याने ठरवावं, आणि तेव्हा फर्म कोणाची आहे ह्याचं उत्तर तुमच्या घरात एकच असायला हवं.